बेळगावातनं मेट्रोच्या शहरात जाताय? डब्यातल्या अनोळखी माणसांशी कसं वागायचं

आपल्या बेळगावात मेट्रो नाही, पण बेळगावची माणसं आता रोज मेट्रोत बसतात. खानापूर घ्या, निपाणी घ्या, चिकोडी, संकेश्वर, येळ्ळूर, उचगाव, कुठलंही गाव घ्या, गल्लीतलं एक तरी पोरगं बेंगळूरला नाहीतर पुण्याला नोकरीला असतंय आणि त्याच्या मागनं कधी आईवडील दवाखान्याला, कधी भाऊ परीक्षेला, कधी बहीण इंटरव्ह्यूला अशी ये-जा सुरूच असते. तिकीट कसं काढायचं, कुठं लाइन बदलायची याचे व्हिडिओ पाहिजे तेवढे सापडतात. माणसांशी कसं वागायचं ते मात्र कुणी सांगत नाही, आणि नवीन माणूस मशीनला कमी घाबरतो, माणसांना जास्त. कुणाला विचारू, कुणी हसेल काय, मराठीत बोललो तर चालेल काय, जागा मागितली तर राग येईल काय, असले प्रश्न मनात घेऊनच तो जिना उतरतो. माझं गाव बेळगाव तालुक्यातलं, नोकरी बेंगळूरला, रोजचा प्रवास मेट्रोनं, त्यामुळं जे बघितलं आणि जे उपयोगाला आलं ते सगळं इथं लिहितोय.

उतरल्या उतरल्या काय करायचं

आपली माणसं शहरात पोचतात तेच नेमकं जमिनीखालच्या स्टेशनाजवळ. बेंगळूरला बसनं गेला तर मॅजेस्टिकला उतरता आणि तिथंच खाली मेट्रोचं सगळ्यात मोठं अदलाबदलीचं स्टेशन आहे, रेल्वेनं गेला तर रेल्वे स्टेशनाला लागूनच वेगळं मेट्रो स्टेशन आहे, त्याला नाव आपल्याच जिल्ह्यातल्या संगोळ्ळीच्या रायण्णांचं. पुण्याला एसटीनं गेला तर स्वारगेट, तिथंही २९ सप्टेंबर २०२४ पासनं खाली मेट्रो सुरू झालीय. म्हणजे रात्रभर बसून आलेला, अंग आंबलेला, हातात दोन पिशव्या आणि एक बॅग असा माणूस थेट ऑफिसला पळणाऱ्या गर्दीत जाऊन पडतो. तेव्हा पहिली गोष्ट, पळू नका. जिना उतरलात की भिंतीच्या कडेला उभं राहा, पिशव्या पायाशी ठेवा, पाट्या बघा, मग चाला. वाटेच्या मधोमध थांबलात की मागनं येणारे धडकतात, चिडचिड होते, आणि तुम्हाला वाटतं ही माणसंच वाईट. ती वाईट नसतात वो, त्यांची पुढची गाडी चुकायलेली असते.

नावाचा एक घोटाळा आधीच सांगतो. बेंगळूरला सगळे मॅजेस्टिक म्हणतात पण पाटीवर नाडप्रभू केंपेगौडा असं मोठं नाव असतं, ते बघून बरेच जण आपण चुकीच्या स्टेशनात आलो म्हणून गडबडतात. दोन्ही एकच.

विचारायचं कुणाला? कानात इअरफोन घालून झपाझप चालणाऱ्याला थांबवू नका, थांबला तरी तो अर्धंच सांगेल. युनिफॉर्ममधला सिक्युरिटीवाला, तिकीट खिडकीतला माणूस, नाहीतर फलाटावर आधीच उभा असलेला कुणीतरी, याला विचारा, त्याला गाडी येईपर्यंत तसंही कुठं जायचं नसतं. आणि विचारताना सगळी कहाणी सांगू नका. आपल्याकडं रस्ता विचारायचा म्हटलं की आम्ही अमक्या गावाहून आलोय, पाव्हण्याकडं जायचंय, पाव्हणा तमक्या कंपनीत आहे, इथनं सुरुवात होते. तिथं फक्त स्टेशनाचं नाव आणि "कुठल्या बाजूची गाडी?" एवढंच. हातात चिठ्ठीवर नाव लिहिलेलं असेल तर ती दाखवा, ते तर सगळ्यात उत्तम, भाषेचा प्रश्नच येत नाही.

आई-मावश्यांसाठी एक गोष्ट. आपल्याकडं ११ जून २०२३ पासनं कर्नाटक सरकारच्या शक्ती योजनेत बायकांना सरकारी बसचं तिकीट फुकट आहे, त्यामुळं मेट्रोतही आधार कार्ड दाखवून झिरो तिकीट मिळेल असं बऱ्याच जणींना वाटतं. मेट्रोला ती योजना लागू नाही. खिडकीत वाद घालू नका, मागची रांग खोळंबते.

बॅग तपासायच्या मशीनवर आपली माणसं हमखास बावरतात, विशेषतः पिशवीत गावाकडनं आणलेलं काहीबाही असतंय म्हणून. शांतपणे पिशवी पट्ट्यावर ठेवायची, पलीकडं जाऊन घ्यायची. बायकांची अंगझडती बाईच घेते, पडद्याच्या आड. पुढं गेटवर टोकन किंवा कार्ड टेकवलं की एकाच माणसानं जायचं, पोराला हाताला धरून दोघं एकदम घुसायचं नाही. गेट उघडलं नाही तर मागच्याला "एक मिनिट हं" म्हणून बाजूला व्हा, शेजारीच स्टाफ असतो, त्याला दाखवा. मागचा माणूस कधी कधी स्वतःहून तुमचं कार्ड नीट टेकवून दाखवतो. त्याला थँक्यू म्हणा आणि चला.

डब्यात कुणी बोलत कसं नाही

हे पहिल्यांदा जाणाऱ्याला सगळ्यात जास्त टोचतं. बेळगावच्या सीबीटी बसस्टँडवरनं खानापूरच्या गाडीत बसलात तर पिरनवाडी यायच्या आत शेजारच्यानं तुमचं गाव, आडनाव, पोरं किती, कुणाच्या लग्नाला चाललाय ते सगळं काढून घेतलेलं असतं, आणि उतरताना "या की एकदा घरला" म्हणून निघतो. मेट्रोत शंभर माणसं आणि कुणाच्या तोंडातनं शब्द नाही. त्यात बाकडी अशी की डब्याच्या दोन्ही भिंतींना लांबट सीट, म्हणजे आपण सगळे एकमेकांच्या समोरासमोर. बसमध्ये सगळे पुढं बघतात, समोरच्याची पाठ दिसते, इथं थेट तोंड. मग बघायचं कुठं?

बघा, कुणाकडं टक लावून बघायचं नाही, हा तिथला पहिला न लिहिलेला नियम आहे. आपल्याकडं माणूस माणसाकडं बघतोच, त्यात वाईट हेतू नसतो, गावात नवीन कोण आलं ते बघायची सवय असते. पण त्या डब्यात तेच बघणं समोरच्याला, आणि खास करून समोरच्या पोरीला, नको होतं. दारावरचा नकाशा बघा, खिडकीतनं बघा, जमिनीखालनं गाडी जात असेल तर खिडकीत काही दिसत नाही तेव्हा मोबाईल बघा नाहीतर डोळे मिटून बसा. चुकून नजरेला नजर भिडलीच तर हलकं हसा आणि नजर काढा. बस. ते गप्प बसणं म्हणजे माणुसकी संपली असं नसतं, एवढ्या गर्दीत अंगाला अंग लागून उभं राहायचं तर प्रत्येकाला आपली थोडी जागा मनात तरी हवी असते, ती एकमेकांना द्यायची ही त्यांची रीत आहे.

पण म्हणून बोलायचंच नाही काय? बोलायचं की. शिकागोमध्ये रोज ट्रेननं आणि बसनं जाणाऱ्या लोकांवर निकोलस एप्ली आणि ज्युलियाना श्रोडर या दोघांनी प्रयोग केला होता, २०१४ साली तो छापून आला. काही जणांना सांगितलं अनोळखी माणसाशी बोला, काही जणांना सांगितलं गप्प बसा. लोकांचा आधीचा अंदाज असा की गप्प बसलेल्यांचा प्रवास चांगला होईल, झालं उलटं, बोललेल्यांना प्रवास जास्त आवडला. मला हे वाचून आश्चर्य वाटलं नाही, आपल्या बसमध्ये वाढलेल्या कुणालाच वाटणार नाही.

फक्त सुरुवात कशी करायची ते बघा. नावगावापासनं करू नका. समोर जे चाललंय त्यावरनं करा, म्हणजे "ही गाडी व्हाइटफील्डलाच जाते ना", "पुढच्या स्टेशनला दार कुठल्या बाजूला उघडतं", "आज गर्दी जास्त दिसते". समोरच्यानं एका शब्दात उत्तर दिलं आणि मोबाईलमध्ये डोकं घातलं तर विषय संपला, त्यात अपमान नाही. त्यानं उलटा एखादा प्रश्न विचारला तर मग बोला, आवाज मात्र हळू. पगार, लग्न, जात, भाडं किती भरता, हे अजिबात नको. आपल्याकडं "कुणाचं तुम्ही?" हा आपुलकीचा प्रश्न असतो, तिथं तो चौकशीसारखा लागतो. आणि पोरांनो, एकट्या बसलेल्या पोरीशी ओळख काढायला जाऊ नका, रस्ता विचारायचा तर दहा माणसं आजूबाजूला असतात.

फोनवर मोठ्यानं बोलणं आणि स्पीकरवर रील लावणं हे दोन्ही टाळा. घरचा फोन आला तर "मेट्रोत आहे, उतरून करतो" एवढं सांगून ठेवा. कुणी दुसरा मोठ्यानं लावून बसला असेल तर भांडू नका, त्याच्याकडं वळून "थोडा आवाज कमी करता काय" असं नरमाईनं म्हटलं तर बहुतेक जण लगेच बंद करतात.

खाण्याचं पण सांगतो, कारण आपला हात लगेच पिशवीत जातो. बसमध्ये शेंगा नाहीतर चुरमुऱ्याची पुडी उघडली की शेजारच्याला पहिल्यांदा पुढं करायची ही आपली पद्धत, आणि चांगलीच पद्धत आहे. मेट्रोत खायला परवानगी नाही. पाव्हण्यांसाठी घेतलेला कुंदा, आपली बेळगावची मिठाई, पिशवीतच राहू दे.

जागा मागायची आणि द्यायची कशी

मागायला लाजू नका, हे मी अगदी कळकळीनं सांगतोय, कारण गुडघे दुखत असताना तासभर खांबाला धरून उभे राहिलेले आपले काका-मावशी मी बघतो आणि विचारलं तर म्हणतात, "असू दे बा, कशाला कुणाला उठवायचं." न्यूयॉर्कच्या सबवेत १९७० च्या दशकात स्टॅन्ले मिलग्राम नावाच्या मानसशास्त्रज्ञानं आपल्या विद्यार्थ्यांना पाठवलं होतं, धडधाकट पोरं, त्यांनी काहीही कारण न सांगता बसलेल्या माणसाला जागा मागायची. तिघांतले साधारण दोघं उठले किंवा सरकले. अडचण झाली ती मागणाऱ्यांनाच, तोंडातनं शब्द फुटेना, मिलग्रामनं स्वतः करून बघितलं तेव्हा त्यालाही तसंच झालं. म्हणजे समोरचा द्यायला तयार असतो, आपणच आत अडकलेले असतो. तिथं कारण न सांगता मागून मिळाली, तुमच्याकडं तर खरं कारण आहे.

तर कसं मागायचं? सगळ्या डब्याला उद्देशून "कुणीतरी जागा द्या हो" म्हटलं की सगळे एकमेकांकडं बघतात आणि कुणीच उठत नाही. एकाकडं बघा, तरुण असलेला बरा, आणि त्यालाच विचारा. बेंगळूरला असाल तर "सोल्प जागा कोडतीरा? काल नोवतैती" (थोडी जागा देता काय? पाय दुखतोय) असं आपल्या बेळगावी कन्नडमध्ये म्हटलं तरी कळतं. ज्येष्ठांसाठी आणि अपंगांसाठी राखीव सीट असतात, वरती चित्र काढलेलं असतं, तिथं पोरगं बसलं असेल तर त्या चित्राकडं नुसतं बोट दाखवलं तरी ते उठतं.

आणि द्यायची वेळ आली तर विचारत बसू नका. "बसणार काय?" म्हटलं की म्हातारं माणूस "नको नको" म्हणणारच, ती आपल्याकडची सवय आहे, दोनदा नाही म्हटल्याशिवाय कोण काही घेत नाही. नुसतं उठायचं, हातानं खूण करायची आणि दोन पावलं लांब जाऊन उभं राहायचं, म्हणजे त्यांना तुमच्या समोर अवघडल्यासारखं होत नाही आणि मध्येच दुसरा कुणी येऊन बसू नये म्हणून लक्षही ठेवता येतं. गरोदर बाईच्या बाबतीत अंदाज चुकेल म्हणून लोक घाबरतात, मी म्हणतो काही न बोलता उठा, उतरायचं असल्यासारखं, प्रश्नच मिटला.

पाठीवरची सॅक पुढं छातीवर घ्या, नाहीतर तुम्ही वळलात की मागच्याच्या तोंडावर बसते. पिशव्या पायांच्या मध्ये. सीटवर पिशवी ठेवून "माणूस येणार आहे" हे आपल्या बसमध्ये खिडकीतनं रुमाल टाकून चालतं, तिथं अजिबात चालत नाही.

भाषेचं काय करायचं

आपण सीमाभागातली माणसं, भाषेचा विषय निघाला की आपलं मन आधीच जड होतं. २०२५ च्या फेब्रुवारीत आपल्याच तालुक्यात बसमध्ये भाषेवरनं वाद होऊन मारहाणीपर्यंत गेलं आणि दोन्ही राज्यांच्या एकमेकांकडं जाणाऱ्या बसगाड्या काही दिवस बंद पडल्या, ते सगळ्यांना आठवत असेल. त्यात हाल कुणाचे झाले तर बाजाराला, दवाखान्याला, कॉलेजला जाणाऱ्या साध्या माणसांचे, मराठी काय आणि कन्नड काय. त्यामुळं बेंगळूरला जाणारा आपला माणूस आधीच धसका घेऊन जातो की मराठी बोललो तर काय होईल.

माझा अनुभव सांगतो. डब्यात आपसात मराठी बोला, हळू बोला, कुणी काही म्हणत नाही, तिथं प्रत्येक डब्यात तमिळ, तेलुगू, हिंदी, मल्याळम सगळं ऐकू येतं. पण अनोळखी माणसाशी बोलायची सुरुवात कन्नडनं करा. ती आपल्याला येते, मोडकीतोडकी का असेना, खडे बाजारात घासाघीस करताना आपण वापरतोच की. हिंदीनं सुरुवात केलीत तर कधी कधी समोरचा तुटक होतो. तिथं २०१७ साली मेट्रोतल्या हिंदी पाट्यांवरनं मोठं आंदोलन झालं आणि पाट्या कन्नड आणि इंग्रजीत राहिल्या, त्यामागची भावना आपल्याला समजायला अवघड नाही, पाटीवर आपली भाषा असावी म्हणून आपण पण झगडलोय.

आपली कन्नड तिकडच्यापेक्षा वेगळी आहे हे मात्र लक्षात ठेवा. "या, बसा" याला आपण "बर्री, कूडरी" म्हणतो, ते "बन्नी, कूतकोळी" म्हणतात. लाजायचं काही कारण नाही, उलट ते "री" ऐकलं की लगेच विचारतात, "उत्तर कर्नाटका?" आणि हुबळी, धारवाड, विजापूरकडचं कुणी डब्यात असलं तर त्याचा चेहराच खुलतो. बाईमाणसाला अक्का किंवा मॅडम, पुरुषाला अण्णा किंवा सर, म्हाताऱ्या बाईला अज्जी, यात कधी चूक होत नाही. उतरायच्या वेळी "इळीबेकरी, सोल्प जागा बिडरी" (उतरायचंय, थोडी जागा सोडा) एवढं आलं की गर्दीतनं वाट मिळते. घोषणा ऐकताना "मुंदिन निल्दाण" हे शब्द पकडा, त्याच्या मागनं पुढच्या स्टेशनाचं नाव येतं.

पुण्याला हा प्रश्नच नाही, सगळं मराठीत. तिथं उलट आपली बोली ऐकून कुणीतरी "कोल्हापूरचे का?" विचारतं, "नाही, बेळगावचे" म्हणून सांगा. त्यावर पुढचे प्रश्न येतात, तुमच्याकडं मराठी शाळा आहेत काय, त्रास होतो काय, वगैरे. उत्तर द्यावंसं वाटलं तर द्या, नसेल तर "बरंच आहे, निवांत कधीतरी सांगेन" म्हणा. दोन स्टेशनांच्या मध्ये सीमाप्रश्न उलगडून सांगायची जबाबदारी तुमच्यावर नाही.

म्हातारी माणसं बरोबर असतील तर

एस्कलेटर हा सगळ्यात मोठा अडथळा. गेल्या पावसाळ्यात मॅजेस्टिकला एक आजी बघितल्या, नऊवारी, डोक्यावर पदर, पायात स्लीपर, सरकत्या जिन्याच्या तोंडाशी येऊन थांबलेल्या. मुलगा दोन पायऱ्या पुढं जाऊन वरनं हाका मारायलाय, "ये की गे आई, काय होत नाही," आणि आजीचा पाय उचलेना, मागं माणसांचा लोंढा. तेवढ्यात मागनं एक ऑफिसची पोरगी आली, तिनं मराठीतलं अक्षर न कळता आजींचा डावा हात आपल्या हातात घेतला, दुसऱ्या हातानं साडीचा घोळ वर उचलून त्यांच्याच हातात दिला, आणि दोघींनी एकदम पाय टाकला. वर पोचल्यावर आजीनं तिच्या गालावरनं हात फिरवून कानाशी बोटं मोडली. पोरगी हसली आणि पळाली.

तिनं जे केलं ते अगदी बरोबर केलं, तसंच करा. पुढं जाऊन हाका मारायच्या नाहीत, शेजारी उभं राहून हात धरायचा. नऊवारीचा किंवा धोतराचा घोळ खाली लोंबत असेल तर तो आधी उचलायचा, जिन्याच्या फटीत कापड अडकतं, ही खरी भीती आहे. आणि भीती वाटतच असेल तर लिफ्ट असतेच, ती म्हाताऱ्या माणसांसाठीच आहे, कमीपणा मानू नका.

तुमच्या बरोबर कुणी म्हातारं नसलं तरी असं अडलेलं कुणी दिसलं तर थांबा. अंगाला हात लावायच्या आधी मात्र आपला हात पुढं करून दाखवा, त्यांनी धरला तर धरला. पुरुष असाल आणि समोर अनोळखी बाई असेल तर हातापेक्षा शब्द बरे, किंवा बाजूच्या एखाद्या बाईला सांगा.

आता एक गोष्ट मनाला लागलेली आहे ती लिहितो. २०२४ च्या फेब्रुवारीत बेंगळूरच्या राजाजीनगर स्टेशनवर एका शेतकऱ्याला कपडे मळके आहेत म्हणून सिक्युरिटीवाल्यांनी अडवलं होतं. डोक्यावर गाठोडं, हातात तिकीट काढलेलं. तेव्हा तिथल्याच प्रवाशांनी आवाज उठवला, एकानं तर पुढं होऊन विचारलं की तिकीट आहे, सामानात काही धोक्याचं नाही, मग कुठल्या नियमानं अडवता, आणि त्याला बरोबर घेऊनच आत गेले. व्हिडिओ सगळीकडं गेला, मेट्रोनं त्या सिक्युरिटी सुपरवायझरला कामावरनं काढलं. हे वाचलं तेव्हा मला धोतर-टोपीतले आपले वडील दिसले. आपल्या भागातनं जाणारी निम्मी माणसं शेतातनं उठून थेट गाडीला बसतात. त्यामुळं एवढं पक्कं डोक्यात ठेवा, तिकीट आहे, सामान तपासलं, मग कपड्यांवरनं कुणाला अडवायचा अधिकार कुणालाही नाही. दुसऱ्या कुणाला असं अडवलेलं दिसलं तर त्याच्या शेजारी जाऊन उभं राहा. शिवीगाळ न करता एकच प्रश्न विचारा, "कुठला नियम?" आणि तोच परत परत विचारा, स्टेशनच्या साहेबाला बोलवा म्हणा. शेजारी दोन माणसं उभी राहिली की अडवणाऱ्याचा आवाज खाली येतो.

पोरींसाठी

बेंगळूरला पुढचा पहिला डबा बायकांचा असतो, फलाटावर तशी खूण असते, एकटी आणि रात्रीची असाल तर तिथंच चढा. मिश्र डब्यात कुणी मुद्दाम अंगाला लागत असेल तर सुरुवातीला दोघांच्या मध्ये सॅक धरा आणि जागा बदला, तरी मागं आला तर मोठ्यानं बोला, कुठल्याही भाषेत, मराठीत बोललात तरी चालेल, आवाजावरनं सगळ्यांना कळतं. एकाच माणसाकडं बघून सांगा, "हा माणूस त्रास देतोय," म्हणजे जागेचं सांगितलं तसंच, सगळ्यांना सांगण्यापेक्षा एकाला सांगितलेलं लागू पडतं. दाराजवळ बटण असतं, ते दाबलं की थेट गाडी चालवणाऱ्याशी बोलता येतं, पुढच्या स्टेशनवर स्टाफ येतो. फोनवर ११२.

आणि बाजूला उभ्या असलेल्यांनी काय करायचं? मारामारी करायची गरज नसते. दोघांच्या मध्ये जाऊन उभं राहायचं, नाहीतर त्या पोरीला ओळखीची असल्यासारखी हाक मारायची, "अगं तू इथं कुठं, ये इकडं." बहुतेक वेळा तेवढ्यानं भागतं. मग पुढं काय करायचं, तक्रार द्यायची की नाही, ते तिला ठरवू दे. देणार असेल तर तिच्या बरोबर उतरा, साक्षीदार लागतो.

फोटोचं पण लक्षात घ्या. पहिल्यांदा मेट्रोत बसलं की व्हिडिओ काढावासा वाटणारच, काढा की, पण त्यात समोरच्या बाकावरचे चेहरे येऊ देऊ नका. २०२५ च्या मे महिन्यात मेट्रोतल्या बायकांचे चोरून काढलेले व्हिडिओ इन्स्टाग्रामवर टाकणाऱ्या एका पेजवर बेंगळूर पोलिसांनी गुन्हा नोंदवला होता. कुणी तुमच्याकडं मोबाईल रोखलेला दिसला तर सरळ "फोटो डिलीट करा" म्हणून सांगा आणि स्टाफला बोलवा.

काही पडलं, कुणी मागं राहिलं तर

फोन, पाकीट, चप्पल, काहीही रुळावर पडलं तरी खाली उतरायचं नाही. बेंगळूरला रुळाच्या शेजारनंच ७५० व्होल्टची वीजेची पट्टी जाते. २०२४ च्या जानेवारीत इंदिरानगर स्टेशनवर एक बाई पडलेला फोन घ्यायला खाली उतरली होती, स्टाफनं वीज बंद केली म्हणून निभावलं. दुसरं कुणी उतरायला लागलं तर दंडाला धरून मागं ओढा, तिथं परवानगी विचारत बसू नका, आणि गार्डला ओरडून बोलवा. वस्तू ते काढून देतात. डब्यात कुणाचं पाकीट सापडलं तर नाव शोधत, फोन लावत बसू नका, उतरलात त्या स्टेशनवर कस्टमर केअरच्या खिडकीत द्या. बेवारशी बॅग दिसली तर ती उचलूही नका, नुसतं सांगा.

सगळ्यात जास्त गोंधळ होतो तो ताटातुटीचा. दार बंद व्हायला लागलं, मुलगा आत, वडील बाहेर, किंवा त्याच्या उलटं. आत अडकलेला दारावर हात मारतो, बाहेरचा गाडीबरोबर पळतो, दोन्ही चूक आणि धोक्याचं. घरातनं निघतानाच ठरवून ठेवा, जो फलाटावर राहिला त्यानं तिथंच बसून राहायचं, हलायचं नाही, जो पुढं गेला त्यानं पुढच्या स्टेशनवर उतरून उलट्या गाडीनं परत यायचं. दोघंही शोधायला निघाले की चुकामूक पक्की. डब्यात असं कुणाचं झालेलं दिसलं तर त्याला हेच सांगा, तुमचा फोन त्याला द्या आणि जमलं तर पुढच्या स्टेशनवर त्याला उलट बाजूच्या फलाटापर्यंत नेऊन सोडा, तुमची एखादी गाडी चुकेल, पाच-दहा मिनिटांत दुसरी येते. म्हाताऱ्या माणसाच्या बंडीच्या खिशात एक चिठ्ठी घालून ठेवा, कन्नडमध्ये नाहीतर इंग्रजीत, त्यावर उतरायचं स्टेशन आणि मुलाचा नंबर, अक्षर मोठं. मोबाईल असला तरी चिठ्ठी ठेवाच, जमिनीखाली रेंज जाते आणि चार्जिंग तर रात्रीच्या बसमध्येच संपलेलं असतं.